सुपरहिरोला अवतार म्हणता येईल का?

धंतोलीची वाचक

नमस्कार. नागपूरच्या धंतोलीतील एका वाचनालयात आमचा वाचनगट महिन्यातून एकदा जमतो. निवृत्त प्राध्यापकांपासून महाविद्यालयात शिकणाऱ्या मुलामुलींपर्यंत सर्व वयाची मंडळी त्यात आहेत. पुढच्या बैठकीसाठी तरुणांच्या आग्रहाने सुपरहिरोंच्या चित्रकथा आणि चित्रपट यांतील धर्मविचार हा विषय ठरला असून प्रास्ताविक माझ्याकडे आले आहे. माझा अभ्यास संतसाहित्याचा. ही कॉमिक्स मी अलीकडेच, मुलांनी हातात दिली म्हणून वाचली. तेव्हा येथील जाणकारांनी थोडी दिशा दाखवावी, ही विनंती.

गटात दोन तट पडले आहेत. एका तटाचे म्हणणे असे की सुपरमॅन हा अमेरिकेचा अवतारच आहे. आकाशातून आलेले मूल, साध्या शेतकरी जोडप्याने केलेले संगोपन, योग्य वेळी प्रकट होणारे सामर्थ्य आणि दुष्टांचे निर्दालन असा सारा क्रम आपल्या ओळखीचा आहे. देवकीचा मुलगा गोकुळात वाढतो ती कथा ज्याने ऐकली आहे, त्याला कॅन्सासमधील केन्ट दांपत्य परके वाटत नाही, असे एका विद्यार्थ्याने सांगितले आणि ते मला पटलेही. दुसऱ्या तटाला यात धर्म दिसत नाही, धंदा दिसतो. जेरी सीगल आणि जो शुस्टर या ज्यू स्थलांतरितांच्या मुलांनी क्लीव्हलँडमध्ये घडवलेला आणि जून १९३८ च्या 'अ‍ॅक्शन कॉमिक्स'च्या पहिल्या अंकात दिसलेला हा नायक मुळात बायबलमधील मोशेच्या जवळचा. नाईलच्या पाण्यात पेटीत घालून सोडलेले बाळ त्याच्या यानामागे सहज ओळखू येते. १९७८ च्या चित्रपटापासून मात्र त्याला येशूचा साज चढत गेला. तेथे त्याचा पिता आपला एकुलता एक मुलगा मानवांकडे पाठवत असल्याचे सांगतो. २०१३ च्या 'मॅन ऑफ स्टील'मध्ये तो तेहतीस वर्षांचा आहे, चर्चमध्ये धर्मगुरूशी बोलताना त्याच्या मागच्या रंगीत काचेवर गेथशेमाने बागेत प्रार्थना करणारा येशू आहे, आणि पुढे अवकाशयानातून बाहेर पडताना तो दोन्ही हात पसरून अधांतरी थांबतो. त्या वेळी निर्मात्यांनी अमेरिकेतील पाळकांसाठी वेगळे खेळ ठेवले होते आणि प्रवचनासाठी टिपणेही पुरवली होती, हे कळल्यावर दुसऱ्या तटाचा आवाज साहजिकच चढला.

मला स्वतःला या प्रतिमांपेक्षा २०१६ च्या चित्रपटात सुपरमॅनचा शत्रू लेक्स लूथर याच्या तोंडी घातलेला युक्तिवाद अधिक गंभीर वाटला. देव सर्वशक्तिमान असेल तर तो सर्वस्वी चांगला असू शकत नाही, आणि सर्वस्वी चांगला असेल तर सर्वशक्तिमान असू शकत नाही, असे तो सुपरमॅनला ऐकवतो. लहानपणी बापाच्या हातून सोडवायला आकाशातून कोणी आले नाही, हे त्या युक्तिवादामागचे दुःख आहे. ग्रीक तत्त्वज्ञ एपिक्युरसच्या नावावर सांगितला जाणारा हा जुना प्रश्न असा एका खलनायकाने विचारावा, याचे मला नवल वाटले.

म्हणून विचारते की या कथांमध्ये खरा धर्मविचार शोधायचा तो कोठे? आणि अवताराची कल्पना त्यांना लावणे योग्य आहे का?

महालातला जुना वाचक

ताई, तुमच्या विद्यार्थ्याने गोकुळापर्यंत लावलेले साम्य बरोबर आहे, पण ते कथेच्या आरंभाचे साम्य आहे. अवताराची ओळख जन्मकथेवरून जितकी पटते तितकीच ती कार्यावरून आणि शेवटावरून पटावी लागते, आणि तेथे सुपरमॅनची वाट वेगळी होते.

गीतेच्या चौथ्या अध्यायात सज्जनांचे रक्षण आणि दुर्जनांचा नाश यांच्यानंतर धर्माची पुन्हा स्थापना हे अवताराचे प्रयोजन सांगितले आहे. पहिली दोन कामे सुपरमॅन इमानेइतबारे करतो. तिसरे तो करीत नाही, आणि कथेची घडणच अशी आहे की ते त्याला कोणी करू देणार नाही. इटालियन विचारवंत उंबेर्तो एको यांनी १९६२ मध्ये सुपरमॅनवर एक निबंध लिहिला होता. आपल्या गटाने वाचावे असे त्याहून चांगले काही मला सुचत नाही. डोंगर उचलणारा, क्षणात पृथ्वीप्रदक्षिणा करणारा हा पुरुष जगातील भूक आणि अन्याय संपवू शकला असता. प्रत्यक्षात तो बँक लुटणाऱ्यांना पकडतो आणि धर्मादाय कामासाठी निधी उभा करतो, हे एको यांनी नेमके टिपले आहे. त्या जगात वाईटाचे दिसणारे रूप म्हणजे दुसऱ्याच्या मालमत्तेवर घातलेला हात, आणि चांगल्याचे रूप म्हणजे दानधर्म. नायकाने प्रत्येक संकटानंतर जग पूर्वी होते तसे परत करायचे असते, कारण पुढच्या महिन्याच्या अंकाला तेच जग लागणार आहे.

त्याच निबंधातील काळाविषयीचे विवेचन मला याहून मोलाचे वाटते. पुराणातील नायकाची कथा घडून गेलेली असते. श्रोत्यांना शेवट माहीत असतो आणि तरीही ते ऐकतात. कादंबरीतील नायकाचे काय होणार ते माहीत नसते, पण तो प्रत्येक कृतीबरोबर थोडा संपत जातो, म्हातारपणाकडे आणि मरणाकडे सरकतो. सुपरमॅनला पुराणपुरुषाची स्थिरता हवी आणि कादंबरीची उत्कंठाही हवी, म्हणून त्याच्याभोवतीचा काळच धूसर ठेवावा लागतो. तो कधी संपत नाही. आपल्याकडे मात्र अवतारसमाप्ती हा अवतारकथेचा अटळ भाग आहे. राम शरयूत प्रवेश करतो. कृष्णाला तर जरा नावाच्या व्याधाचा बाण पायात लागून मरण येते, तेही डोळ्यांदेखत स्वतःचे कुळ आपसात लढून नष्ट झाल्यावर. द्वारका समुद्रात जाते आणि अर्जुनाच्या हातून गांडीव नीट चालेनासे होते. ज्याने कंसाला आणि शिशुपालाला मारले त्याचा शेवट असा सांगण्याचे धैर्य कोणत्याही सुपरहिरोच्या कंपनीत नाही. सुपरमॅनला १९९२ च्या अखेरीस मारण्यात आले, जगभर त्याची बातमी झाली, आणि पुढच्या वर्षी तो परत आला. मरण हा तेथे मालिकेचा एक हप्ता आहे.

आमच्या पिढीने इंद्रजाल कॉमिक्समधला वेताळ वाचला आहे. ली फॉक यांनी १९३६ मध्ये निर्माण केलेला हा नायक लोकांना अमर वाटतो, पण तो अमर नाही: बाप मरतो, मुलगा कवटीवर हात ठेवून तीच शपथ घेतो आणि तोच पोशाख चढवतो, असे एकवीस पिढ्या चालले आहे. मठाची गादी चालावी तसे. मला तरुणांच्या आवडत्या महानायकांपेक्षा हा आजही धार्मिक दृष्ट्या अधिक प्रामाणिक वाटतो, कारण त्याचे मरण खरे असते. (यात बालपणीच्या प्रेमाचा भाग किती, ते वाचकांनी ठरवावे.)

आता खलनायकाकडे वळू. भागवतात हिरण्याक्ष-हिरण्यकशिपू, रावण-कुंभकर्ण आणि शिशुपाल-दंतवक्र या तिन्ही जोड्या म्हणजे विष्णूचेच द्वारपाल जय आणि विजय. सनकादिकांच्या शापामुळे त्यांना तीन जन्म वैरी म्हणून घ्यावे लागतात, आणि मारला गेल्यावर शिशुपालाचे तेज कृष्णातच मिसळते. वैरानेही देवाचे अखंड चिंतन घडते, हा त्यामागचा विचार. बॅटमॅनच्या जगात १९४० पासून वावरणाऱ्या जोकरला अशी सुटका नाही. तो अर्कहॅमच्या वेड्यांच्या रुग्णालयात जातो, तेथून निसटतो, माणसे मारतो आणि पुन्हा तेथेच जातो. ज्ञानेश्वरांनी पसायदानात खळांचा नाश मागितला नाही, त्यांची व्यंकटी सांडावी असे मागितले. जोकरची व्यंकटी सांडली तर बॅटमॅनला काम राहणार नाही, म्हणून तसे मागणेच त्या कथेत कोणी मागत नाही. खरा धर्मविचार कोठे शोधावा, या तुमच्या प्रश्नावर माझे उत्तर असे की नायकाच्या जन्मात शोधू नये. त्याच्या शत्रूचे शेवटी काय होते, ते पाहावे.

सदरचा रहिवासी

आपण येशूच्या प्रतिमांचा उल्लेख केला म्हणून एका ख्रिस्ती वाचकाचे मत मांडतो. मला त्या प्रतिमा खटकतात. त्या बाजारासाठी वापरल्या हे कारण आहेच, पण ते दुय्यम आहे. मुख्य अडचण अशी की त्या ज्या कथेला चिकटवल्या आहेत ती कथा ख्रिस्ती विचाराच्या उलट दिशेने जाते.

येशू केवळ माणसासारखा दिसत होता, त्याचे शरीर आणि त्याच्या वेदना हा आभास होता, असे मानणारा एक पंथ आरंभीच्या शतकांत होता. ख्रिस्ती मंडळीने तो विचार पाखंड ठरवला, आणि ४५१ मध्ये खाल्सेदोन येथील परिषदेत ख्रिस्त पूर्ण देव आणि पूर्ण मनुष्य आहे, असे सूत्र मान्य झाले. शुभवर्तमानातला येशू शोमरोनातील विहिरीवर थकून बसतो आणि पाणी मागतो, लाजराच्या कबरीपाशी रडतो, आणि खिळे ठोकले की त्याचे रक्त वाहते. सुपरमॅन माणसांत क्लार्क केन्ट या नावाने वावरतो; त्या क्लार्कचा चष्मा, त्याचे वाकलेले खांदे, त्याचे अडखळणे हा सगळा वेष आहे. गोळी लागली तर ती त्याच्या छातीवरून घसरून पडेल, हे वाचकाला ठाऊक असते. म्हणजे जे पाखंड म्हणून बाजूला ठेवले गेले, त्याच्याशीच सुपरमॅनचे नाते अधिक जवळचे आहे. फिलिप्पैकरांस लिहिलेल्या पत्रात पौल सांगतो की ख्रिस्ताने स्वतःला रिक्त केले आणि दासाचे रूप घेतले. क्लार्क स्वतःला रिक्त करीत नाही. सदऱ्याच्या आत सारे भरलेलेच ठेवतो.

गेथशेमानेच्या काचेविषयीही हेच म्हणावे लागेल. त्या बागेत येशूची जी झुंज आहे ती सामर्थ्य न वापरण्याची आहे. त्याला धरायला लोक येतात तेव्हा एक शिष्य तलवार उपसतो. येशू ती म्यान करायला सांगतो आणि मला पित्याकडून देवदूतांच्या बारा सैन्यांहून अधिक मागवता आले नसते का, असे विचारतो. 'मॅन ऑफ स्टील'चा नायक चर्चमधून निघून स्वतःला शत्रूच्या स्वाधीन करतो, इथपर्यंत साम्य टिकते. नंतर मात्र शहराचा मोठा भाग जमीनदोस्त होईपर्यंत मारामारी चालते आणि शेवटी तो झॉड या शत्रूची मान मोडतो. ती काच त्या भिंतीवर नसती तर मला तो चित्रपट अधिक आवडला असता.

ख्रिस्ती विचार या माध्यमात खरोखर उतरला आहे तो डेअरडेव्हिलमध्ये, असे माझे मत आहे. हा १९६४ चा नायक. मॅट मर्डॉक हा अंध वकील कॅथलिक आहे, पण त्याचा धर्म कथेच्या केंद्रस्थानी आला तो लेखक फ्रँक मिलर आणि चित्रकार डेव्हिड मात्सुकेली यांच्या १९८६ मधील 'बॉर्न अगेन' या कथामालेत. एके काळी ज्या स्त्रीवर त्याचे प्रेम होते ती अमली पदार्थाच्या एका मात्रेसाठी त्याचे गुपित विकते. त्या गुपिताच्या आधारे किंगपिन हा गुन्हेगारांचा म्होरक्या त्याचे घर, वकिली आणि मनाचा तोल एकेक करून हिरावून घेतो. तो रस्त्यावर येतो, मरणाच्या दारात पोहोचतो आणि एका जोगिणीच्या, म्हणजे ननच्या, हातून वाचतो. रिक्त होणे म्हणतात ते येथे आहे. ती विकणारी स्त्री पुन्हा समोर येते तेव्हा तो तिच्याकडे जाब मागत नाही, तिला जवळ घेतो. महालातील काकांनी शत्रूचे काय होते ते पाहावे असे लिहिले आहे. मी त्यात विश्वासघात करणाऱ्या आपल्या माणसाचे काय होते, एवढी भर घालीन.

२०१५ च्या मालिकेत हाच मॅट पहिल्याच भागात पापनिवेदनाला जातो, आणि झालेल्या पापाची नव्हे, तर पुढे जे करणार आहे त्याची क्षमा मागतो. आपल्या सदरमधल्या कोणत्याही फादरांनी त्याला पश्चात्ताप आधीपासून करता येत नाही, असे समजावले असते. तरीही तो प्रश्न अस्सल आहे: हिंसा करणारा माणूस आपल्या हिंसेला देवाचे काम म्हणू शकतो का? लूथरच्या युक्तिवादाला चित्रपटात उत्तर मिळत नाही, कारण तेथे उत्तर म्हणून एक राक्षस उभा केला जातो आणि लढाई सुरू होते. बायबलमध्ये दुःख भोगणाऱ्या ईयोबाच्या पुस्तकातही त्या प्रश्नाला सरळ उत्तर नाही. पण ईयोबाला निदान शेवटपर्यंत बोलू दिले आहे.

ताजबागजवळची वाचक

एक लहानशी भर घालते. या कथांमधील धर्म इतकी वर्षे प्रतिमांच्या आडून का बोलत राहिला, याचे एक कारण असे की नायकाला उघड धर्म दिला की ग्राहक दुरावतील, अशी प्रकाशकांना धास्ती होती. 'फॅन्टास्टिक फोर'मधला दगडी अंगाचा बेन ग्रिम १९६१ पासून छापला जात होता. त्याचा चित्रकार जॅक कर्बी स्वतः ज्यू होता. आणि बेन ज्यू आहे हे कथेत स्पष्टपणे सांगायला २००२ साल उजाडले. आपल्याकडेही निराळे नाही. २०१८ च्या 'ब्लॅक पँथर'मध्ये एक टोळी हनुमानाचे नाव घेते, ते भारतातील खेळांत ऐकूच येऊ दिले नाही.

म्हणून कमला खान मला महत्त्वाची वाटते. जर्सी सिटीतील पाकिस्तानी कुटुंबातली ही सोळा वर्षांची मुलगी २०१४ पासून स्वतःच्या मालिकेची नायिका आहे. तिला नुकतेच सामर्थ्य मिळाले आहे, ते कसे वापरावे हे कळत नाही, आणि तिला नेहमी टोचून बोलणारी एक मुलगी पाण्यात पडते. त्या क्षणी कमलाला वडिलांनी सांगितलेली कुराणातील आयत आठवते की ज्याने एका माणसाचा जीव वाचवला त्याने जणू सगळ्या मानवजातीला वाचवले. तेथे ना क्रूस आहे ना आकाशातून येणारा प्रकाश, आणि तिला कोणी देव मानत नाही. घरात कानावर पडलेले एक वचन ऐन वेळी उपयोगी पडते. बहुतेक धार्मिक माणसांचा धर्म असाच तर असतो. ताईंनी गटातल्या मुलींना ही कथा अवश्य वाचायला द्यावी.

इतवारीकर

सगळे नायकाबद्दल लिहीत आहेत म्हणून आठवले. तान्ह्या पोळ्याला आपण काळी आणि पिवळी मारबत, म्हणजे दुष्टाचे पुतळे, मिरवणुकीने काढतो, ईडा पीडा घेऊन जा म्हणत ती गावाबाहेर नेऊन जाळतो, आणि सोबतच्या बडग्या नावाच्या पुतळ्यांवर त्या त्या वर्षीचे दुष्ट कोण ते लिहिलेले असते: महागाई, भ्रष्टाचार, कधी एखादा पुढारी. या साऱ्या विधीत नायक कोणीच नाही. गर्दीच दुष्टाचे रूप घडवते, गर्दीच त्याला हाकलते. सुपरहिरोच्या चित्रपटात गर्दीला दोनच कामे असतात, पळणे आणि वर पाहणे.

इंदोऱ्याचा वाचक

इतवारीकर भाऊंनी शेवटी जे लिहिले, तेथूनच मी सुरुवात करतो. वर पाहण्याची ही सवय कोणत्या धर्मविचारातून येते, हा माझ्या मते या चर्चेतील कळीचा प्रश्न आहे, आणि तो नागपुरात बसून टाळता येणार नाही.

१४ ऑक्टोबर १९५६ रोजी दीक्षाभूमीवर बाबासाहेबांनी ज्या बावीस प्रतिज्ञा दिल्या, त्यांत देवाने अवतार घेतला यावर माझा विश्वास नाही, अशी एक स्पष्ट प्रतिज्ञा आहे. ती केवळ नकारात्मक नाही. १९५७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात बाबासाहेबांनी मार्गदाता आणि मोक्षदाता असा भेद केला आहे. बुद्धाने स्वतःला मार्गदाता म्हटले, मोक्ष देण्याचे आश्वासन कोणाला दिले नाही. राजगृहाचा रस्ता विचारणाऱ्याला रस्ता सांगता येतो. तो न चालता भलतीकडे गेला तर सांगणारा काय करणार, असा दृष्टांत तेथे येतो. या कसोटीवर जवळजवळ सगळे सुपरहिरो मोक्षदाते ठरतात. 'मॅन ऑफ स्टील'मध्ये पिता मुलाला सांगतो की तू लोकांना एक आदर्श देशील, ते तुझ्यामागे धावतील, अडखळतील, आणि एक दिवस उन्हात तुझ्या सोबत उभे राहतील. हे वाक्य मार्गदात्याचे आहे. परंतु संपूर्ण चित्रपटात लोकांना त्याच्यामागे एक पाऊल चालण्याची संधी मिळत नाही. ते ढिगाऱ्याखाली असतात.

याची राजकीय बाजूही आहे. २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत बाबासाहेबांनी इशारा दिला होता की धर्मातील भक्ती आत्म्याच्या मुक्तीचा मार्ग असू शकेल, पण राजकारणातील भक्ती किंवा विभूतिपूजा हा अधःपतनाचा आणि शेवटी हुकूमशाहीचा हमखास मार्ग आहे. अ‍ॅलन मूर आणि डेव्ह गिबन्स यांची १९८६-८७ मधील 'वॉचमेन' ही कथा मला या इशाऱ्याचे चित्ररूप वाटते. तेथे देवासमान सामर्थ्य लाभलेला डॉक्टर मॅनहॅटन हळूहळू माणसांविषयी उदासीन होतो, आणि जगाला वाचवायचे म्हणून एक बुद्धिमान माणूस लाखोंना मारतो व ते गुपित ठेवतो. लूथरच्या प्रश्नाची दुसरी बाजू तेथे मांडली आहे. सर्वशक्तिमान कोणी आला नाही याचे दुःख आपण करतो. तो आला तर काय होईल, याची त्या लेखकाला अधिक भीती आहे.

मार्क वेड आणि अ‍ॅलेक्स रॉस यांची १९९६ ची 'किंगडम कम' ही कथाही गटाने पाहावी. बायबलच्या शेवटच्या पुस्तकातील प्रलयाची दृश्ये तिच्यात भरून आहेत, पण सामर्थ्यवानांच्या युद्धानंतर संतापलेल्या सुपरमॅनला थांबवतो तो नॉर्मन मॅके नावाचा एक वृद्ध पाळक, ज्याच्याकडे बोलण्यापलीकडे काहीही नाही. सदरच्या दादांना हा पाळक आवडेल असे वाटते.

धंतोलीची वाचक

सर्वांचे आभार. माझे टिपण आता जन्मकथेपासून सुरू होणार नाही, एवढे नक्की.

सदरच्या वाचकांनी क्लार्कच्या वेषाविषयी लिहिले, त्यावरून एक विचारावेसे वाटते. आपल्या संतकथांतही देव ओळख लपवून येतो. पैठणला एकनाथांच्या घरी श्रीखंड्या नावाचा गडी बारा वर्षे पाण्याच्या कावडी वाहतो, गंध उगाळतो. तो कोण होता हे कळते तेव्हा तो निघून गेलेला असतो. दुष्काळात दामाजीपंत सरकारी कोठार लोकांसाठी उघडतात, तेव्हा विठोबा विठू महार होऊन बिदरच्या दरबारात जातो आणि धान्याचे पैसे भरून पावती आणतो. जनीबरोबर तो दळायला बसतो ते तर सर्वांना माहीत आहे. क्लार्क वेष घेतो तो सामर्थ्य लपवून स्वतःला आणि आपल्या माणसांना थोडे निवांत जगता यावे म्हणून; श्रीखंड्या वेष घेतो तो कामाला लागण्यासाठी. या देवाला मोक्षदाता म्हणावे की सोबती म्हणावे? इंदोऱ्याच्या वाचकांची कसोटी येथे कशी लागेल, ते जाणून घ्यायला आवडेल.

इंदोऱ्याचा वाचक

ताई, श्रीखंड्याची आणि जनीची कथा मलाही आवडते. कष्ट वाटून घेणारा देव हा वरून उडत येणाऱ्या देवापेक्षा कितीतरी बरा, हे मी मोकळेपणाने मान्य करीन. विठू महाराच्या कथेकडे मात्र मी वेगळ्या नजरेने पाहतो.

देवाने महाराचे रूप घेतले, दरबारात मानाने उभा राहिला, दामाजीपंत सुटले. दुसऱ्या दिवशी मंगळवेढ्यातला जो खराखुरा महार होता त्याचे काय झाले, हे कथा सांगत नाही. त्याच मंगळवेढ्याचा चोखोबा. त्याची समाधी पंढरपूरला देवळाच्या पायरीशी आहे, आणि त्या पायरीवरून दलितांना आत जाण्यासाठी १९४७ साल यावे लागले, तेही साने गुरुजींच्या उपोषणानंतर. महालातील काकांनी एको यांचा आधार घेऊन सुपरमॅनवर जो आक्षेप घेतला, की तो एका माणसाला वाचवतो आणि व्यवस्था होती तशी ठेवतो, तोच आक्षेप येथे लागू होतो. अवतार धर्माची पुन्हा स्थापना करतो असे त्यांनी लिहिले आहे. कोणता धर्म पुन्हा स्थापन झाला, हे पायरीवर उभे राहणाऱ्यालाही विचारायला हवे. म्हणून या दोन्ही प्रकारच्या कथा बैठकीत एकाच कसोटीवर घासाव्यात, असे सुचवतो. एको यांचा निबंध आधी वाचायचा आणि लगेच त्याच्यापुढे दामाजीची कथा ठेवायची. काका तेथे येणार असतील तर वाद चांगला होईल, आणि 'किंगडम कम'ची माझी प्रत मी सोबत आणीन.